गार्सडेल: नकारांवर जगलेलं स्टेशन

गार्सडेल स्टेशनात उतरलात तर गाव शोधायला निघू नका. त्या नावाची वस्ती आहे ती पश्चिमेला खोऱ्यात काही मैल खाली. स्टेशनाजवळ आहेत एका ओळीतली दगडी घरं, एक रस्ता, ओलं गवत, मेंढ्या आणि वारा. इंग्लंडच्या उत्तरेला कंब्रिया परगण्यात, यॉर्कशायर डेल्स राष्ट्रीय उद्यानाच्या हद्दीत हे ठिकाण येतं. जवळचं बाजाराचं गाव म्हणजे हॉज, पूर्वेला सहा मैलांवर. दुसऱ्या बाजूचं सेडबर तर दहा मैल दूर.

अशा जागी स्टेशन बांधलं कुणी, आणि ते अजून चालू कसं, हा या प्रकरणाचा विषय. माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. गार्सडेल प्रवाशांच्या सोयीसाठी बांधलंच नव्हतं. ते इंजिनांसाठी होतं. इंजिनांना त्याची गरज संपली तेव्हा ते बंद पडलं, आणि ज्या प्रवाशांचा विचार सुरुवातीला कुणी फारसा केला नव्हता, त्यांनीच ते परत उघडायला लावलं. मधल्या काळात दोन सरकारी नकार कामाला आले, आणि त्या दोन नकारांत १२० वर्षांचं अंतर आहे.

पहिला नकार

१८६०च्या दशकात मिडलँड रेल्वे या कंपनीला स्कॉटलंडला जायचं होतं. तिचे स्वतःचे रूळ इंग्लटन गावापर्यंत पोचत. तिथून पुढचा मार्ग लंडन अँड नॉर्थ वेस्टर्न या प्रतिस्पर्धी कंपनीचा. इंग्लटनला दोन्ही कंपन्यांची दोन वेगळी स्टेशनं होती, पुलाच्या दोन टोकांना. मिडलँडच्या प्रवाशानं सामानसुमान उचलून चालत पलीकडे जायचं, आणि तिथे पुढची गाडी मिळाली तर मिळाली. डबा पुढे न्यायचाच झाला तर तो मालगाडीच्या शेपटाला जोडला जाई. भाऊबंदकीत विहिरीवरच्या पाळ्या अडवतात, तसाच हा प्रकार.

वैतागून मिडलँडनं सेटल ते कार्लाइल असा स्वतःचा ७२ मैलांचा मार्ग आखला आणि १८६६ मध्ये संसदेची मंजुरी मिळवली. मंजुरी हातात पडताच प्रतिस्पर्धी नरमला आणि वाटाघाटीला तयार झाला. आता एवढे डोंगर फोडायची गरजच काय, असं म्हणत मिडलँडनं १८६९ मध्ये संसदेकडे उलटी विनंती केली: मार्ग रद्द करू द्या. पण या मार्गावर डोळा ठेवून बसलेल्या इतर रेल्वे कंपन्यांनी विरोध केला आणि संसदेनं विनंती फेटाळली. मागितलंय तर आता बांधा.

म्हणजे हा मार्ग त्याच्या मालकालाही नको होता. पुढच्या सगळ्या गोष्टी वाचताना हे लक्षात ठेवावं.

जॉन क्रॉस्ली हे मुख्य अभियंता. हजारो मजूर माळावरच्या झोपड्यांत राहून वर्षानुवर्षं खपले. खर्च ३५ लाख पौंडांच्या वर, मूळ अंदाजाच्या दीडपटीहून जास्त. गार्सडेलच्या उत्तरेला लगेच डँड्री मायर नावाची दलदल लागते. तिथे आधी भराव घालायचं ठरलं होतं. जवळजवळ दोन वर्षं गाड्या भरभरून माती ओतली, अडीच लाख घनयार्डांहून अधिक. ती सगळी दलदलीनं गिळली आणि बाजूंना नुसते चिखलाचे उंचवटे वर आले. शेवटी भरावाचा नाद सोडून १२ कमानींचा पूल बांधला. आज फोटो काढणाऱ्यांना तो फार आवडतो. तो मुळात हार मानून बांधलेला पूल आहे.

मार्ग प्रवाशांसाठी १ मे १८७६ रोजी सुरू झाला. आपलं स्टेशन तीन महिन्यांनी, १ ऑगस्टला उघडलं. तेव्हाचं नाव हॉज जंक्शन. हॉजकडे जाणारा फाटा १८७८ मध्ये सुरू झाला आणि नावाला अर्थ आला. आजचं गार्सडेल हे एकट्याचं नाव १९३२ पासूनचं.

सोयी कुणासाठी?

स्टेशनाच्या सोयी म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे तिकीटखिडकी, बाकडी, पाण्याचा नळ, चहाचा ठेला येतो. हॉज जंक्शनला तिकीटघर आणि वेटिंग रूम होत्याच. मुख्य मार्गाचे दोन फलाट, आणि त्यातल्या दक्षिणेकडच्या गाड्यांच्या फलाटाच्या मागच्या कडेला हॉजची गाडी लागे. पण खरा पैसा ओतला होता तो फलाटापलीकडे.

कारण चढ. सेटलहून निघालं की पंधरा-सोळा मैल सलग चढण आहे, शंभर फुटांना एक फूट. खंडाळ्याच्या घाटातला ३७ फुटांना एक फुटाचा चढ पाहिलेल्या माणसाला हे किरकोळ वाटेल. पण इथे बँकर, म्हणजे मागून ढकलणारं जादा इंजिन, लावून रमतगमत चढायचं नव्हतं, इथून लंडन-स्कॉटलंड एक्स्प्रेस वेगात न्यायच्या होत्या. त्यात मिडलँडचा हट्ट असा, की इंजिनं लहानच बांधायची. मग जड गाडीला पुढे आणखी एक इंजिन जोडावं लागे. चढ संपला की हे जादा इंजिन सोडवायचं, त्याचं तोंड फिरवायचं आणि घरी पाठवायचं. हे फिरवून परत पाठवण्याचं ठिकाण म्हणजे हॉज जंक्शन.

म्हणून इथे टर्नटेबल, म्हणजे इंजिनासकट गोल फिरणारा रुळाचा तुकडा, होतं. वारा त्या माळावर कसा वाहतो ते या टर्नटेबलाच्या गोष्टीवरून कळतं. १९००च्या हिवाळ्यात एक इंजिन त्यावर चढवलं आणि वाऱ्यानं ते धरलं. इंजिन गरगर फिरत राहिलं, थांबेना. काही तासांनी खालच्या खड्ड्यात वाळू ओतली तेव्हा कुठे थांबलं, असं सांगतात. ‘काही तासां’वर कितपत विश्वास ठेवायचा ते ज्यानं त्यानं ठरवावं. मात्र त्यानंतर टर्नटेबलाभोवती जुन्या लाकडी स्लीपरांचं उंच कुंपण उभारलं, हे खरं. किल्ल्याला तट असावा तसं ते जुन्या फोटोंत दिसतं.

स्टेशनाच्या दक्षिणेला रुळांच्या मधोमध पाण्याच्या लांब पन्हळी होत्या. धावत्या इंजिनानं खाली पळी सोडायची आणि न थांबता टाकी भरून घ्यायची. जगातल्या सर्वांत उंचावरच्या अशा पन्हळी म्हणून त्यांची ख्याती होती. थंडीत पाणी गोठू नये म्हणून वाफेनं त्या गरम ठेवाव्या लागत.

आणि माणसं? कामगारांसाठी कंपनीनं ओळीनं १६ घरं बांधली. दुसरं काहीच जवळ नसल्यामुळे स्टेशनालाच गावाची कामं करावी लागली. वेटिंग रूममध्ये प्रार्थना होई. तिथेच पुस्तकांचं छोटं ग्रंथालयही होतं. उंच दगडी चौथऱ्यावर पाण्याची टाकी होती, आणि त्या चौथऱ्याच्या पोटातली खोली म्हणजे इथलं सभागृह: पत्त्यांचे डाव, गाणी, नाच. डोक्यावर हजारो गॅलन पाणी आणि खाली नाच, ही सोय कुठल्या रेल्वे नियमावलीत बसत असेल असं वाटत नाही. हॉजला परतणाऱ्या गाडीला लोकांनी ‘बॉनीफेस’ म्हणजे गोडमुखी असं लाडाचं नाव दिलं होतं. दिवसभर डोंगरावर थांबलेल्या माणसाला घरची गाडी येताना दिसली की असंच काहीतरी सुचत असणार.

२४ डिसेंबर १९१०

या ठिकाणाचा सगळ्यात वाईट दिवस त्याच्या मुख्य सोयीतूनच उद्भवला, म्हणून तो इथे सविस्तर सांगायला हवा.

नाताळच्या आदल्या पहाटे केबिनमध्ये आल्फ्रेड सटन हा सिग्नलमन ड्यूटीवर होता. केबिन त्याच वर्षी नवी बांधलेली. सणाची गर्दी म्हणून गाड्या जास्त, गाड्या जास्त म्हणून जोडीची इंजिनं जास्त, आणि एकेक इंजिन फिरवून, मोकळा रूळ पाहून परत पाठवायचं. बाहेर अंधार आणि पाऊस. त्यातली दोन इंजिनं एकमेकांना जोडून कार्लाइलकडे परत जायची होती. सटननं ती मुख्य मार्गावर पुढच्या सिग्नलपाशी उभी केली. मग इतर कामांत तो त्यांना विसरला.

इंजिनांवरची माणसं वीसेक मिनिटं तशीच उभी होती. नियम असा होता, की सिग्नलपाशी थांबवून ठेवलं तर थोड्या वेळानं शिटी मारावी किंवा माणूस केबिनमध्ये पाठवून आठवण द्यावी. तो पाळला गेला नाही. तेवढ्यात मध्यरात्री लंडनहून सुटलेली ग्लासगोची शयनयान एक्स्प्रेस जवळ आली. मार्ग मोकळा आहे असं समजून सटननं तिच्यासाठी सगळे सिग्नल पाडले, म्हणजे जायचा इशारा दिला. पुढे उभ्या इंजिनांना वाटलं, सिग्नल आपल्यासाठीच. ती निघाली, सावकाश. मागून एक्स्प्रेस त्यांच्या दुपटीहून जास्त वेगानं आली आणि मूरकॉक बोगद्याच्या पलीकडे तिनं त्यांना गाठलं.

टकरीपेक्षा आग भयंकर ठरली. डब्यांत उजेडासाठी तेलापासून काढलेला गॅस भरलेला असे. टाक्या फुटल्या, गॅस पेटला आणि लाकडी डबे जळून गेले. १२ माणसं गेली. केबिनमधून उत्तरेला तांबडं आभाळ दिसल्यावर सटन सहकाऱ्याला म्हणाला, की स्टेशन मास्तरांना जाऊन सांग, स्कॉटलंडची एक्स्प्रेस माझ्या हातून मोडली बहुतेक. ब्रिटिश रेल्वे इतिहास वाचणाऱ्यांना हे वाक्य पाठ असतं.

दोष सटनचा होता आणि त्यानं तो नाकारला नाही. पण चौकशी तेवढ्यावर थांबली नाही. एका माणसाच्या स्मरणशक्तीवर एवढी वर्दळ सोडायची का, हा प्रश्न पुढे आला. उत्तर होतं ट्रॅक सर्किट. रुळांतून हलका विद्युतप्रवाह सोडायचा. रुळावर चाकं उभी असली की तो दुसरीकडे वळतो आणि सिग्नल पाडणारा दांडा अडकून राहतो. सिग्नलमन विसरला तरी रूळ विसरत नाही. आज ही व्यवस्था जगभर इतकी सवयीची आहे की तिच्याकडे कुणाचं लक्षही जात नाही. तिचा प्रसार ज्या अपघातांनी रेटला, त्यांत हा एक. गॅसच्या दिव्यांचा धडा मात्र लगेच गिरवला गेला नाही. तीनच वर्षांनी, सप्टेंबर १९१३ मध्ये, याच मार्गावर काही मैल पुढे एस गिलजवळ दुसरी टक्कर झाली, पुन्हा आग लागली आणि १६ माणसं मेली.

१९१०ची ती केबिन अजून उभी आहे. आता ती वारसा इमारतींच्या यादीत आहे.

गरज संपते

उतरण सुरू झाली ती फाट्यापासून. नॉर्थअॅलर्टन ते हॉज प्रवासी गाड्या १९५४ मध्ये थांबल्या. हॉज ते गार्सडेल हा उरलेला तुकडा मार्च १९५९ पर्यंत कसाबसा चालला. जंक्शनचं जंक्शनपण गेलं. पुढच्या दशकात वाफेची इंजिनं गेली, म्हणजे पन्हळी, टाकी, टर्नटेबल सगळं निकामी. इथलं टर्नटेबल पुढे कीथलीला, तिथल्या वाफेच्या वारसा रेल्वेकडे गेलं.

१९६३ मध्ये ब्रिटिश रेल्वेच्या बीचिंग अहवालानं या मार्गावरच्या सगळ्याच प्रवासी गाड्या बंद कराव्यात असं सुचवलं होतं. ते तेव्हा बासनात गेलं. पण ४ मे १९७० रोजी सेटल आणि ॲपलबी सोडून मधली सगळी स्टेशनं बंद झाली. गार्सडेलवरून एक्स्प्रेस जात राहिल्या, थांबत नव्हत्या. मग १९८२ मध्ये नॉटिंगहॅम-ग्लासगो गाड्याही दुसऱ्या मार्गानं वळवल्या आणि इथे दिवसाला दोन-दोन गाड्या उरल्या. एखादी शाळा बंद करायची असली की आधी मास्तर कमी करायचे, मग पट घसरला म्हणून बोट दाखवायचं. ही युक्ती आपल्याकडेही ओळखीची आहे.

१९८३ मध्ये बंदीची रीतसर नोटीस निघाली. कारण सांगितलं ते याच मार्गावरच्या रिबलहेडच्या २४ कमानींच्या पुलाचं: दुरुस्ती परवडणार नाही. तेव्हा फुगलेले आकडे दिले गेले. पुढे प्रत्यक्ष काम त्याहून बऱ्याच कमी पैशांत झालं.

दुसरा नकार

या लढाईतली सगळ्यात उद्बोधक गोष्ट कायद्यात आहे. मार्ग बंद करायला हरकत घ्यायची तर १९६२च्या वाहतूक कायद्याप्रमाणे ती फक्त वापरणाऱ्या प्रवाशाला घेता येई, आणि तीही एकाच मुद्द्यावर: बंद झाल्यास माझी अडचण होईल. पूल सुंदर आहेत, इतिहास मोठा आहे, सरकारचा हिशोब चुकलाय, या कशालाही तिथे जागा नव्हती. म्हणजे मार्ग वाचवायचा तर भाषणांपेक्षा तिकीटं जास्त कामाची.

तिकीटं काढणारे तयार करायचं काम आधीच सुरू झालं होतं. १९७५ पासून राष्ट्रीय उद्यानाच्या कारभाऱ्यांनी सुटीच्या दिवशी खास गाड्या भाड्यानं घेऊन बंद स्टेशनांवर थांबवायला सुरुवात केली होती. शहरातून डोंगर चढायला येणाऱ्यांसाठी गार्सडेल त्यामुळे अधूनमधून उघडत असे. १९८१ मध्ये सेटल-कार्लाइल मार्गाच्या मित्रांची संघटना उभी राहिली. तिचे पहिले सचिव होते ग्रॅहम नटॉल.

आणि मग ब्रिटिश रेल्वेच्याच घरातून एक माणूस आला. रॉन कॉटन यांना १९८३ मध्ये या मार्गाचे व्यवस्थापक नेमलं ते बंदी सुरळीत पार पाडण्यासाठी. कॉटन जुने विक्रीवाले. जोवर मार्ग चालू आहे तोवर तिकीटं विकणं हेच आपलं काम, असं त्यांनी ठरवलेलं दिसतं. त्यांनी स्वस्त भाडी आणली, गाड्या वाढवल्या, जाहिरात केली. बंद होणाऱ्या मार्गावर शेवटचा प्रवास करून घ्यायला लोक आले, आणि पुन्हा आले. १४ जुलै १९८६ रोजी गार्सडेलसह आठ स्टेशनं नेहमीच्या गाड्यांसाठी उघडली. बंदीची टांगती तलवार असताना स्टेशनं नव्यानं उघडतात, हे एरवी कुठे पाहायला मिळत नाही. १९८३ मध्ये वर्षाला सुमारे ९३ हजार प्रवासी होते. १९८९ पर्यंत ते साडेचार लाखांच्या घरात गेले. माझ्या मते हा आकडाच निर्णायक ठरला. बाकीचं सगळं त्याच्याभोवतीचं वातावरण.

हरकती वीस हजारांच्या वर आल्या. त्यांतली एक होती पंजाच्या ठशाची. नटॉल यांचा कॉली जातीचा कुत्रा त्यांच्याबरोबर नेहमी या गाडीनं फिरे. नाव रसप, यॉर्कशायरमधल्याच एका गावावरून. त्या काळी कुत्र्याचं तिकीट लागे. तिकीट काढून प्रवास करणारा तो प्रवासी, मग त्याची अडचण कायद्यात बसते, असा युक्तिवाद झाला आणि हरकत दाखल झाली. गंमत आहेच, पण त्या कायद्याची अरुंद चौकट दाखवायला याहून नेमकं उदाहरण सापडणार नाही.

१९८६ मध्ये सुनावण्या झाल्या. प्रवासी समितीनं मार्ग बंद करू नये असा कौल दिला. तरी १९८८ मध्ये वाहतूक मंत्री पॉल चॅनन यांचा कल बंद करण्याकडेच होता, कुणी खाजगी गिऱ्हाईक मिळालं तर विकून टाकू अशी भाषा होती. ११ एप्रिल १९८९ रोजी सरकारनं बंदीला नकार दिला. जाहीर केलं ते राज्यमंत्री मायकेल पोर्टिलो यांनी. राजकारण सोडून रेल्वेप्रवासाचे कार्यक्रम करणारे पोर्टिलो आजही हे आपलं मोठं काम म्हणून सांगतात.

नऊ महिन्यांनी, २० जानेवारी १९९० रोजी, नटॉल रसपला घेऊन वेल्समधल्या डोंगरात फिरायला गेले आणि परतले नाहीत. शोध लागला ७ एप्रिलला. एका ओढ्याकाठी त्यांचा मृतदेह होता आणि शेजारी १४ वर्षांचा रसप, भर हिवाळ्यात ११ आठवडे बसून राहिलेला. चालायची ताकद नसल्यामुळे त्याला उचलून खाली आणावं लागलं. मालकाच्या अंत्यविधीला तो हजर होता. त्यानंतर लवकरच तो गेला. गार्सडेल हे नटॉल यांचं आवडतं स्टेशन, म्हणून रसपचा कांस्य पुतळा २००९ मध्ये, निर्णयाला वीस वर्षं झाली तेव्हा, इथल्या फलाटावर बसवला.

आज

आता स्टेशनात कर्मचारी नाही. लीड्स-कार्लाइल गाड्या दिवसातून मोजक्या वेळा थांबतात, म्हणून एक चुकली तर पुढच्या गाडीसाठी बराच वेळ काढायची तयारी हवी. दगडी वेटिंग रूम दुरुस्त करून रंगवल्या आहेत. त्यामागे स्वयंसेवकांचे बरेच हात आहेत. खायला काही मिळत नाही. चहाचा थर्मास आणि वारा अडवणारं जाकीट या सोयी आपल्या आपण आणायच्या. हॉजकडे जायला गाडीची वेळ साधून एक छोटी बस येते. ‘लिटल व्हाइट बस’ नावाची ही सेवा स्थानिक लोकच चालवतात. बॉनीफेसची जागा तिनं घेतली आहे असं म्हणता येईल, फक्त ती रस्त्यानं जाते.

रुळांनी जावं अशी इच्छा असणारेही आहेत. गार्सडेल ते हॉज सहा मैल पुन्हा रूळ टाकावेत म्हणून एक गट सध्या खटपट करतोय. दलदल, मोडलेले पूल, पैसा, सगळ्या अडचणी जागच्या जागी आहेत. हॉजच्या जुन्या स्टेशनात आता डेल्सचं संग्रहालय आहे. तिथल्या फलाटापाशी वाफेचं एक इंजिन डब्यांसह रुळांच्या छोट्या तुकड्यावर उभं करून ठेवलंय. तुकडा संपला की पुढे गवत.